मला स्पष्ट आठवतं!

माणूस निवृत्त झाला की आधी घराला रंग काढतो, मग चारधाम करतो आणि मग आत्मचरित्र लिहितो. पहिल्या दोहोंचा त्रास त्याच्या घरच्यांना होतो, तिसऱ्याचा शेजाऱ्यांना. आमच्या शेजारचे साहेब बँकेत मॅनेजर होते. घराला दोनदा रंग देऊन झाला, चारधामही झालं, आणि गेल्या पावसाळ्यात एका संध्याकाळी ते दोनशे बारा पानांचं बाड घेऊन आमच्याकडे आले.

"सवडीनं वाचा," ते म्हणाले, "आणि शुक्रवारपर्यंत प्रस्तावना द्या."

मी अधूनमधून पुस्तकांची परीक्षणं लिहितो. ही गोष्ट गल्लीत कळली की होमिओपॅथीची पेटी बाळगणाऱ्या माणसासारखी आपली गत होते. कुणीही येतो, जीभ बाहेर काढतो. साहेबांनी दोनशे बारा पानं बाहेर काढली, एवढाच फरक.

पहिली चाळीस पानं बालपणावर होती. आता आत्मचरित्रातलं बालपण हा एक स्वतंत्र वाङ्मयप्रकार आहे असं माझं जुनं मत आहे. नोकरीच्या प्रकरणात लेखक सावध असतो, कारण साक्षीदार जिवंत असतात. लग्नाच्या प्रकरणात तर तो फारच सावध असतो, कारण साक्षीदार स्वयंपाकघरात असतो. बालपणात मात्र तो मोकळा सुटतो. तिथं एक आजी असते, ती नऊवारी नेसते आणि तिच्या पदराला कसला तरी वास येतो. एक झाड असतं. मारकुटे पण आतून प्रेमळ असे एक मास्तर असतात. गरिबी तर असतेच, पण ती घासूनपुसून लखलखीत केलेली, पितळी समईसारखी. आणि लेखक म्युनिसिपालिटीच्या दिव्याखाली अभ्यास करत असतो. मराठी आत्मचरित्रकारांनी जेवढा अभ्यास या दिव्यांखाली केला आहे, तेवढे दिवे तेव्हाच्या गावांत होते तरी का, हे कुणीतरी मोजायला हवं.

साहेबांच्या चाळीस पानांत हे सगळं होतं. शिवाय एक वाक्य होतं, जे मी शेवटी पेन्सिलीनं खुणा करून मोजलं. "मला स्पष्ट आठवतं" हे वाक्य एकतीस वेळा आलं होतं. नोकरीच्या प्रकरणात "नक्की आठवत नाही", "बहुधा", "चूकभूल द्यावी घ्यावी" असे शब्द पेरलेले. म्हणजे गृहस्थांना १९९० सालची बदली अंधुक आठवते, पण चौथ्या वर्षी आजोबा ओटीवर बसून काय बोलले ते स्वल्पविरामासकट आठवतं! तो संवाद अर्ध्या पानाचा होता. आजोबांच्या तोंडी "परिस्थितीचे भान" असा शब्द होता.

मग मी पेन्सिल सोडून लाल पेन घेतलं. २७ मे १९६४ ला पंडित नेहरू गेले, आणि त्यांची अंत्ययात्रा साहेबांनी कऱ्हाडच्या घरात "टेलिव्हिजनवर डबडबलेल्या डोळ्यांनी" पाहिली होती. मुंबईत टेलिव्हिजन आला तो १९७२ च्या ऑक्टोबरात. कऱ्हाडात आठ वर्षं आधी तो कुठून आला? सिनेमाआधी थिएटरात जे वृत्तपट दाखवायचे त्यात त्यांनी ती अंत्ययात्रा पाहिली असेल. पुढं घरात टीव्ही आल्यावर आठवण थिएटरातून उठली आणि घरी येऊन बसली. दुसरी गंमत कोयनेच्या भूकंपाची. ११ डिसेंबर १९६७. "मला स्पष्ट आठवतं, सातवीत गणिताचा तास चालू होता आणि फळा हलू लागला." भूकंप झाला पहाटे चारनंतर. त्या वेळी गणिताचा तास घेणारे मास्तर मारकुटे नव्हते, अमानुष होते, असंच म्हणावं लागेल.

साहेब खोटं बोलत नव्हते, हे मी शपथेवर सांगतो. खोटं बोलणारा माणूस आधी वेळ तपासून घेतो. त्यांना तो फळा खरोखरच हलताना दिसत होता.

प्रस्तावनेच्या नादात मी माझ्या भाचीला फोन केला. ती कॉलेजात मानसशास्त्र शिकवते आणि मामाला फुकट सल्ला देते. तिनं मला जाँ पियाजेची गोष्ट सांगितली. हे स्विस गृहस्थ म्हणजे लहान मुलांच्या बुद्धीची वाढ कशी होते या विषयातले विसाव्या शतकातले सर्वांत मोठे जाणकार. त्यांना आपल्या दुसऱ्या वर्षाची एक आठवण अगदी लख्ख होती. पॅरिसच्या शाँझेलिझे रस्त्यावर दाई त्यांना बाबागाडीतून फिरवत होती. एका माणसानं त्यांना पळवायचा प्रयत्न केला. पट्ट्यानं बांधलेलं असल्यामुळे ते वाचले. दाई शूरपणे आडवी आली, तिच्या तोंडावर ओरखडे उठले, गर्दी जमली, आखूड झगा आणि पांढरा दंडुका असलेला पोलीस आला आणि चोर पळाला. हे सगळं त्यांना दिसत असे. पियाजे पंधराएक वर्षांचे असताना त्या दाईचं पत्र आलं. ती आता धर्ममार्गाला लागली होती आणि तिला पापं धुऊन टाकायची होती. ती सगळी हकीकत तिनं रचलेली होती आणि ओरखडेही तिनंच काढले होते. शौर्याबद्दल बक्षीस मिळालेलं घड्याळ तिनं परत केलं. पियाजेंनी लिहून ठेवलंय की ही गोष्ट आपण लहानपणी ऐकली असणार आणि मग ती आपल्या डोळ्यांसमोर चित्र होऊन उभी राहिली असणार. घड्याळ परत गेलं. चित्र कुणाकडे परत करायचं?

भाचीनं आकडेही दिले. २०१८ साली इंग्लंडातल्या संशोधकांनी ६,६४१ माणसांना त्यांची सर्वांत पहिली आठवण विचारली. शंभरातल्या जवळजवळ एकोणचाळीस जणांनी दोन वर्षं किंवा त्याच्याही आधीच्या वयातली आठवण सांगितली. शास्त्राप्रमाणे टिकाऊ आठवण साधारण तीन-सव्वातीन वर्षांपासून पुढची. म्हणजे उरलेला माल घरातले फोटो आणि मोठ्यांच्या गप्पा यांतून तयार झालेला.

एवढा दारूगोळा मिळाल्यावर मी प्रस्तावना लिहायला बसलो. ती प्रस्तावना राहिली नाही, फिर्याद झाली. मराठी आत्मचरित्रातलं बालपण हे कसं ऐकीव, उसनं आणि रंगवलेलं असतं, यावर मी चार पानं लिहिली आणि स्वतःवर इतका खूश झालो की रविवारी ती ताईला वाचून दाखवली. ताई माझ्याहून पाच वर्षांनी मोठी. मी लिहिलेलं छापून येण्याआधी ती ऐकते आणि छापून आल्यावर वाचत नाही.

फिर्यादीला चांगला पुरावा जोडावा म्हणून शेवटी मी माझंच उदाहरण दिलं होतं. खरी आठवण कशी असते याचा नमुना म्हणून. पानशेतची.

इथं पुण्याबाहेरच्या वाचकांसाठी सांगतो. १२ जुलै १९६१, बुधवार. पानशेतचं मातीचं धरण, अजून पुरतं बांधूनही न झालेलं, सकाळी फुटलं. रात्रभर लष्कराच्या जवानांनी वाळूची पोती रचली होती. ते पाणी खाली खडकवासल्याच्या जुन्या धरणात शिरलं आणि मग तेही फुटलं. मुठेकाठच्या पेठा बुडाल्या. लकडी पूल पाण्याखाली गेला. पुण्यातल्या ठरावीक वयाच्या कुठल्याही माणसाला विचारा, तो त्या वेळी लकडी पुलाजवळ उभा राहून पाणी बघत होता. या सगळ्यांची बेरीज केली, तर पूल पाण्याची वाट न बघता माणसांच्या वजनानंच बसला असता.

मी मात्र पुलावर नव्हतो. मी अण्णांच्या खांद्यावर होतो. आम्ही नारायण पेठेत राहायचो. वाड्याच्या बोळात पाणी अण्णांच्या कमरेला लागलं होतं. मी त्यांचे केस दोन्ही हातांनी धरले होते, त्यांना माक्याच्या तेलाचा वास होता. अण्णांच्या एका हातात कंदील होता. ताई त्यांच्या सदऱ्याचं टोक धरून मागून येत होती. अण्णा म्हणाले, "केस ओढू नकोस रे, पडणार नाहीस." शेजाऱ्यांचा पाळणा पाण्यावरून रिकामाच हेलकावत गेला. बस्स, एवढंच. अण्णा पुढच्याच वर्षी गेले. मी तेव्हा पाच वर्षांचाही नव्हतो. अण्णांची माझ्याजवळ ही एकच आठवण आहे. बाकीचे अण्णा भिंतीवरच्या फोटोतले.

मी वाचत होतो, ताई वाल सोलत होती. मी थांबलो. ती काही बोलली नाही, म्हणून मीच म्हटलं, "कसं झालंय?"

"साहेबांचं फारच काढलंयस," ती म्हणाली. "पाणी दिवसाउजेडी आलं होतं. कंदील कशाला हवा होता?"

मी गडबडलो. म्हटलं, वीज गेली असेल, संध्याकाळपर्यंत कंदील लागला असेल, आठवण थोडी सरकली असेल.

ताईनं चार वाल सोलले. मग म्हणाली, "आपल्या बंडूचा वाढदिवस कधी असतो?"

"नऊ जुलै."

"साल?"

"एकसष्ट."

"जन्मला कुठं?"

"वाईला, आजोळी," मी म्हणालो. आणि तोंड उघडं ते उघडंच राहिलं.

वाचकहो, आमच्या धाकट्या भावाचा वाढदिवस मी साठाहून अधिक वर्षं साजरा करत आलो आहे. वाईचं ते घर, आईचं बाळंतपण, आजीनं केलेले डिंकाचे लाडू या गोष्टी आमच्याकडे दर नऊ जुलैला निघतात. आणि दर बारा जुलैला पानशेत निघतं. या दोन तारखांमध्ये तीन दिवसांचं अंतर आहे आणि तीन दिवसांची बाळंतीण आपल्या चार वर्षांच्या पोराला पुण्यात पुरात सोडून वाईला बसलेली नसते, ही साधी वजाबाकी मला एकदाही सुचली नव्हती. आत्ताच मी साहेबांची गणिताच्या तासावरून टिंगल केली होती.

"तू आईबरोबर वाईला होतास," ताई म्हणाली. "माझी शाळा बुडू नये म्हणून मला अण्णांजवळ ठेवलं होतं. खांद्यावर मी होते. नऊ वर्षांची घोडी. अण्णांचा खांदा आठ दिवस दुखत होता."

"मग मला कसं..."

"अण्णा गेल्यावर रात्री तुम्ही दोघं झोपायचा नाहीत. आई बोलायची नाही. मग मी ही गोष्ट सांगायची. पहिल्यांदा सांगितली तेव्हा खांद्यावर मीच होते. तू रडायला लागलास. आणि मी कुठं होतो, आणि मी कुठं होतो, एकच धोशा. मग दुसऱ्या रात्री तुला वर बसवलं आणि मी खाली उतरले. सदऱ्याचं टोक धरलं."

"आणि कंदील?"

"तो आपल्या खोलीतला. गोष्ट सांगताना जळत असायचा ना, तो."

मी ती चार पानं घडी घालून खिशात ठेवली. साठ-बासष्ट वर्षं मी ज्या खांद्यावर बसलो होतो, तिथून मला खाली उतरवलं गेलं होतं; आणि उतरवणाऱ्या बाईनं नऊ-दहा वर्षांच्या वयात स्वतः उतरून मला तिथं बसवलं होतं. आता भांडायचं कुणाशी? जरा वेळानं मी विचारलं, "एवढी वर्षं बोलली का नाहीस?"

"तुझ्याजवळ दुसरं होतं काय?" ताई म्हणाली. "आणि आज बोलले ते साहेबांसाठी. ज्याच्या हाती लाल पेन, त्यानं आधी आपली वही तपासावी."

हे झाल्यावर मी पुन्हा साहेबांचं बाड उघडलं, आणि परीक्षक म्हणून माझी पंचाईत झाली. बालपणाचं प्रकरण खरं की खोटं हा प्रश्नच आता मला चालेना. पण सगळंच चालतं, असंही म्हणवेना. मग मी कपाटातून जुनी पुस्तकं काढली.

लक्ष्मीबाई टिळकांची 'स्मृतिचित्रे' बघा. लक्ष्मीबाईंचा जन्म १८६८ चा. पण पुस्तकाची सुरुवात त्यांच्या जन्माआधी पोचते. आजोबांना १८५७ च्या धामधुमीत फाशी झाली आणि त्या धक्क्यानं वडिलांच्या डोक्यात सोवळ्याचं वेड कसं शिरलं, ते त्या सांगतात. आता हे काही त्यांनी पाहिलेलं नाही. पण आपण पाहिलं असा आवही बाई आणत नाहीत. घरात जे बोललं जात होतं ते त्या घरातल्यासारखंच सांगतात, आणि मग स्वतः पाहिलेलं सुरू होतं. ऐकलेलं कुठं संपलं आणि पाहिलेलं कुठं सुरू झालं, हे वाचणाऱ्याला समजतं. म्हणून त्या पुस्तकावर विश्वास बसतो.

'श्यामची आई' घ्या. साने गुरुजींनी त्यातलं बहुतेक १९३३ च्या फेब्रुवारीत नाशिकच्या तुरुंगात लिहिलं. आई जाऊन तोवर पंधराएक वर्षं झाली होती. पण पुस्तकात गुरुजी "मला स्पष्ट आठवतं" म्हणत सरळ पुढं येत नाहीत. श्याम नावाचा एकजण रात्री आश्रमातल्या मित्रांना गोष्ट सांगतो आणि ते ऐकतात. रात्र आहे, सांगणारा आहे, ऐकणारे आहेत. पूर्वी मला ही नुसती सजावट वाटायची. आमच्या कंदिलाची हकीकत कळल्यावर वाटलं, आठवणी तयार होण्याची जागाच गुरुजींनी पुस्तकात ठेवून दिली आहे.

तेव्हा साहेबांच्या चाळीस पानांबद्दलची माझी तक्रार मी बदलली. फळा हलला याबद्दल तक्रार नाही. तक्रार अशी की, ही गोष्ट सांगितली कुणी, तोच माणूस पुस्तकात नाही. अर्ध्या पानाचं भाषण आजोबांनी केलं नसेल. पण ते कुणीतरी वारंवार सांगितलं असणार. आईनं? आत्यानं? सांगताना दरवेळी एकेक वाक्य वाढवलं असणार, आणि ते वाढवण्यामागं त्या बाईचं काहीतरी असणार. ते "काहीतरी" हेच खरं प्रकरण. आपण चित्र ठेवतो आणि चित्रकार पुसतो. "मला स्पष्ट आठवतं" या वाक्याचा माझ्या दृष्टीनं हाच दोष. त्यातला "मला" फार मोठा आहे.

हे मी साहेबांना, जरा भीतभीतच, सांगितलं. भूकंपाची वेळही सांगितली. ते बराच वेळ गप्प बसले. मग म्हणाले, "फळ्याचं आमचा थोरला भाऊ सांगायचा. त्याला गणिताची भीती होती. गेला तो." आणि बाड उचलून घेऊन गेले. दीड महिन्यानं परत आले तेव्हा चाळीस पानांची पंचावन्न झाली होती. वाढलेल्या पंधरा पानांत थोरला भाऊ होता. "मला स्पष्ट आठवतं" फक्त चार वेळा होतं. टेलिव्हिजन मात्र त्यांनी काढला नाही. म्हणाले, "राहू द्या हो, आईला टीव्हीची फार हौस होती, आणि तिच्या हयातीत आमच्याकडे आला नाही." मी लाल पेन बंद केलं.

एक गोष्ट राहिली. त्या रविवारी निघताना मी ताईला म्हटलं, "म्हणजे अण्णांचं माझ्याजवळ काहीच नाही तर."

ती वालांची टरफलं गोळा करत होती. "तो तेलाचा वास कुठनं आणलास?" तिनं विचारलं.

"गोष्टीतला. तूच सांगितलास ना?"

"मी कशाला सांगू? माझं लक्ष पाण्याकडे होतं." मग थोडं थांबून म्हणाली, "पण माकाच लावायचे ते. खरं आहे."

परीक्षकाच्या मनात लगेच शंका आली, की वास आईनं सांगितला असेल, अण्णांची उशी कुठं राहिली असेल, आजोळीही कुणी तेच तेल वापरत असेल. या सगळ्या शंका रास्त आहेत. मी त्या लिहून ठेवल्या नाहीत.

घरी आल्यावर बंडूला बडोद्याला फोन लावला आणि झालेला सगळा प्रकार सांगितला. तो भाऊ आहे, त्यालाही कळायला हवं. त्यानं शांतपणे ऐकून घेतलं.

"दादा, तुझं जाऊ दे," तो म्हणाला. "पण ताई माझ्याबद्दल काही बोलली का? कारण मी तिच्या कडेवर होतो, हे मला अगदी स्पष्ट आठवतं."